वाकाटक महाराज दुसरा प्रवरसेन व त्याचे ताम्रपट

आपल्या गावच्या महादेव मंदिराचा जीर्णोद्धार पूर्ण होऊन कलशारोहणाचा शुभ योग आला. या निमित्ताने स्मरणिका काढावी, त्यात आपल्या मुलखाच्या एखाद्या थोर राजाचे चरित्र असावे आणि ते मी लिहावे, असा समितीतील वडीलधाऱ्या मंडळींचा आग्रह पडला. मी विद्वान नव्हे. दहावी होऊन तहसील कचेरीत लागलो आणि पुढची सारी वर्षे जमिनीची जुनी दप्तरे सोडण्यात व पुन्हा बांधण्यात गेली. राजचरित्र लिहिण्याचा माझा अधिकार नाही. परंतु ज्या राजाविषयी लिहावयाचे, त्याची बरीचशी माहिती जमिनीच्या कागदांवरूनच मिळते. ते कागद तांब्याचे आहेत इतकेच. एवढ्या आधारावर लेखणी हाती घेतली आहे. चूकभूल पदरात घ्यावी.

भाविक ग्रामस्थहो, नागपूरहून जबलपूरच्या सडकेने निघालो म्हणजे मनसरला रामटेकचा फाटा लागतो. मनसर म्हटले की आपल्याला मँगनीजची खाण आठवते. तेथे तळ्याकाठी एक टेकडी आहे. तिला हिडिंबा टेकडी म्हणतात. भीमाची हिडिंबा येथे राहत होती अशी जुन्या लोकांची समजूत. त्या टेकडीच्या पोटात पंधराशे वर्षांपूर्वीचे शिवालय दडलेले आहे, हे आपल्या आजोबा-पणजोबांना ठाऊक नव्हते. ते शिवालय ज्याने बांधले असे आज मानले जाते, त्या वाकाटक कुळातील दुसऱ्या प्रवरसेनाची ही हकीकत आहे.

वाकाटकांचा मूळ पुरुष विंध्यशक्ती. इसवी सनाच्या तिसऱ्या शतकाच्या मध्याला, सातवाहनांचे राज्य मोडल्यानंतर, त्याने आपले राज्य उभे केले. त्याचा पुत्र पहिला प्रवरसेन. या कुळात सम्राट ही पदवी लावणारा तो एकटाच. त्याने चार अश्वमेध केले असे वंशजांच्या ताम्रपटांत लिहिलेले असते. पुराणांत त्याला साठ वर्षांचे राज्य व चार पुत्र दिले आहेत. त्याच्यामागे राज्य वाटले गेले. एक शाखा नंदिवर्धनाची व दुसरी वत्सगुल्माची, या दोन शाखा आपल्याला नीट माहीत आहेत. नंदिवर्धन म्हणजे रामटेकच्या दक्षिणेस दोन-तीन कोसांवरचे नगरधन, आणि वत्सगुल्म म्हणजे वाशिम. आपला संबंध नगरधनच्या शाखेशी.

या शाखेतला पहिला रुद्रसेन हा सम्राटाचा नातू. बाप आधीच वारलेला. तेव्हा त्याला आईच्या बापाचा, भारशिव कुळातील भवनाग राजाचा, मोठा आधार मिळाला. हे भारशिव खांद्यावर शिवलिंग वाहत, म्हणून त्यांना ते नाव पडले. पराक्रमाने मिळविलेल्या गंगेच्या पाण्याने त्यांना राज्याभिषेक होत असे. रुद्रसेनाचा पुत्र पहिला पृथिवीषेण, त्याचा पुत्र दुसरा रुद्रसेन. येथून खरी कथा सुरू होते.

त्या वेळी उत्तरेत गुप्त सम्राट दुसरा चंद्रगुप्त याचे राज्य होते. त्याने आपली कन्या प्रभावतीगुप्ता या रुद्रसेनाला दिली. गुजरात-माळव्याकडील शक क्षत्रपांशी युद्ध करावयाचे तर पाठीशी विदर्भाचा राजा आपला हवा, म्हणून ही सोयरीक झाली असे इतिहासकारांचे मत आहे. सोयरीक राजकारणाची असो वा कशीही असो, मुलगी नंदिवर्धनला नांदावयास आली आणि लवकरच विधवा झाली. इसवी सन ४०५ च्या सुमारास रुद्रसेन वारला. मुले लहान होती.

नवरा गेलेला, पदरी लहान मुले, आणि मागे मोठी इस्टेट. अशा बाईचे पुढे काय होते हे कचेरीत बसून मी पुष्कळ वेळा पाहिले आहे. वारसाची नोंद होईपर्यंतच चुलते, भाऊबंद, सोयरे सगळे गोळा होतात. या राणीने मात्र निदान तेरा वर्षे आपल्या युवराजाच्या नावाने, त्याची आई म्हणून, कारभार केला. त्या तेराव्या वर्षाचा तिचा ताम्रपट आहे. तो पुण्यात एका तांबटाकडे निघाला. एवढे जुने तांबे तांबटाच्या घरात राहूनही त्याची घागर झाली नाही, हे आपले नशीबच. त्यात राणीने पूर्वजांची नावे दिली आहेत ती सासरची नव्हेत, माहेरच्या गुप्तांची. कोणाची लेक आहे ते आधी वाचा आणि मग पुढचा मजकूर वाचा, असा त्याचा अर्थ मला वाटतो. नगरधनला २०१५ पासून काही वर्षे राज्य पुरातत्त्व विभाग व डेक्कन कॉलेज यांनी उत्खनन केले. त्यात मातीची एक मुद्रा सापडली. तिच्यावर ब्राह्मी अक्षरांत प्रभावतीगुप्तेचे नाव असून शंखाचे चिन्ह आहे. म्हणजे शिक्का तिच्या स्वतःच्या नावाचा चालत होता.

पुण्याच्या ताम्रपटाने दंगुण नावाचे गाव चनालस्वामी नामक आचार्याला दिले आहे. चतुःसीमा अशी : विलवणकच्या पूर्वेस, शीर्षग्रामच्या दक्षिणेस, कदापिंजनच्या पश्चिमेस आणि सिदिविवरकच्या उत्तरेस. प्रथम वाचले तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. आपणही चतुःसीमा अशीच लिहितो. सोळाशे वर्षांत त्या नमुन्यात फारसा फरक पडलेला नाही. आपल्या नागपूरचे थोर संशोधक महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी वाकाटकांचे सर्व लेख एकत्र करून १९६३ साली प्रसिद्ध केले. त्यांच्या मते हे दंगुण म्हणजे आजचे हिंगणघाट. दानाचा दिवस कार्तिक शुद्ध द्वादशी. एकादशीचा उपवास करावा आणि दुसऱ्या दिवशी पारण्याला दान द्यावे, हा क्रम आपल्या घरी आजही आहे.

ज्या युवराजासाठी राणीने कारभार केला त्या दिवाकरसेनाचे नाव पुढे राजा म्हणून कोठे येत नाही. नंतर दामोदरसेन, आणि त्यानंतर प्रवरसेन गादीवर आला. सम्राट पणजोबाचेच नाव त्याला ठेवलेले होते, म्हणून त्याला दुसरा प्रवरसेन म्हणतात. खरे तर सम्राट त्याच्या पणजोबाचाही आजा, पण एवढी मोजदाद कोण करतो. त्याचे राज्य सुमारे इसवी सन ४२० ते ४५५, म्हणजे तीस-पस्तीस वर्षे झाले.

या राजाच्या नावावर मोठ्या लढाया नाहीत. शत्रूंच्या मुंडक्यांचे ढीग रचले, समुद्रापर्यंत घोडे नेले, असे काही त्याच्या लेखांत सापडत नाही. उत्तरेस आजोळचे बलाढ्य राज्य होते. दक्षिणेस त्याने आपला पुत्र नरेंद्रसेन याच्यासाठी कुंतल देशाची राजकन्या अज्झितभट्टारिका सून करून आणली. दोन्ही बाजूंना सोयरे असल्यावर भांडण कमी. जो वेळ मिळाला त्यात त्याने गावे वसविली, दाने दिली, मंदिर बांधले, राजधानी नवी केली आणि काव्यही लिहिले. काही लोक अशा राजाला दुबळा म्हणतील. मला तसे वाटत नाही. तीस-पस्तीस वर्षे पीकपाणी सुरळीत घरात येणे म्हणजे काय, हे शेतकऱ्याला विचारावे.

या एका राजाचे जितके ताम्रपट मिळाले तितके वाकाटकांतील दुसऱ्या कोणाचे नाहीत. वर्धा जिल्ह्यातील जांब व बेलोरा, आपल्या कुही तालुक्यातील मांढळ, अमरावतीकडचे चम्मक, मध्यप्रदेशातील सिवनी, दुदिया, पट्टण, पांढुर्णा, अशी लांबलचक यादी आहे. यांपैकी चम्मकच्या ताम्रपटाची हकीकत विस्ताराने सांगतो, कारण कचेरीतल्या माणसाला त्यात फार गोडी आहे.

चम्मक हे अचलपूरजवळचे गाव. तेथे सापडलेल्या पत्र्यांवर चौकटी डोक्याची अक्षरे आहेत. प्रत्येक अक्षराच्या माथ्यावर लहानशी पेटी, म्हणून त्या लिपीला पेटिकाशीर्षक म्हणतात. पत्र्यांना भोक पाडून त्यातून कडी ओवलेली व कडीला राजमुद्रा. एकही पत्रा काढता किंवा मधे घालता येऊ नये हा हेतू. आपण नस्तीला नाडी बांधतो, पण ही नाडी तांब्याची. राज्यवर्ष अठरावे, तिथी ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी. भोजकट राज्यातील मधुनदीच्या काठचे चर्मांक गाव, राजमापाने आठ हजार भूमी, एक हजार ब्राह्मणांना दिले. यांतले भोजकट म्हणजे अमरावतीजवळची भातकुली. विनंती शत्रुघ्नराजाचा पुत्र कोंडराज याची, सेनापती चित्रवर्मा. दाता कोण, विनंती कोणाची, अंमलबजावणी कोणाची, सगळे आले आहे. ब्राह्मण एक हजार म्हटले तरी नावे मात्र एकोणपन्नासच कोरली आहेत. बाकीच्यांना तांबे पुरले नसेल.

पुढे सवलतींची यादी येते. या गावाकडून कर घेऊ नये. शिपाई व राजसेवक यांनी गावात शिरू नये. परंपरेने गायी-बैल घेतात ते घेऊ नयेत. फुले व दूध मागू नये. चराई, कातडे, कोळसा यांचा हक्क सांगू नये. मीठ व खाण यांवर हात ठेवू नये. कोणत्याही प्रकारची वेठ लावू नये. भूमीत धन निघाले तर ते दान घेणाऱ्याचे.

ही यादी मी दोनदा वाचली तेव्हा लक्षात आले की तिला दुसरी बाजू आहे. या गावाला जे माफ केले, ते शेजारच्या गावाला द्यावे लागत होते. म्हणजे त्या काळचा साधा कुणबी शिपायांना घरात ठेवून घेत होता, राजाच्या माणसांना बैल देत होता, दूध पोचवीत होता, कोळसा पाडून देत होता आणि वेठीला जात होता. राजा दयाळू असला तरी हा व्यवहार होता. राज्य कशावर चालते ते राजाच्या स्तुतीपेक्षा या सूटपत्रावरून अधिक कळते.

दानाला अटीही आहेत. चंद्रसूर्य असेतो गाव तुमचे, मात्र राज्याशी द्रोह करू नये, ब्रह्महत्या, चोरी, परस्त्रीगमन करू नये, राजाला विष घालू नये, लढाई पुकारू नये, दुसऱ्या गावांना उपद्रव देऊ नये. असे केल्यास राजाने गाव परत घेतले तर ती चोरी होणार नाही. धर्मादाय दिलेले गावही अटीवर दिलेले होते, हे वाचून अनेकांना आश्चर्य वाटेल. आमच्याकडे शर्तभंगाचे प्रकरण म्हणतात ते हेच.

दुसरा एक ताम्रपट पट्टणचा, म्हणजे मुलताईकडचा. राज्यवर्ष सत्ताविसावे. यात महापुरुषाच्या, म्हणजे विष्णूच्या, पादुकांच्या ठिकाणी अन्नछत्र चालावे म्हणून अश्वत्थखेटक येथे चारशे निवर्तने जमीन दिली आहे. राजा स्वतः शंकराचा परमभक्त, आपले राज्य शंभूच्या कृपेने मिळाले असे लिहिणारा. तरी अन्नछत्र विष्णूच्या नावाने चालू ठेवतो. हा ताम्रपट लिहिणाऱ्याचे नाव कालिदास आहे. मेघदूताचा कर्ता तो हाच, असे समजण्याचे कारण नाही. सेनापतीच्या हाताखालचा तो लेखनिक होता. पण आमच्यापैकी एका कारकुनाचे नाव पंधराशे वर्षे टिकले, याचा मला आनंद झाला हे कबूल करतो.

राजाच्या आईचे पाहा. ती वैष्णव. प्रवरसेनाच्या एकोणिसाव्या राज्यवर्षी, म्हणजे वय झालेले असता, रामगिरीस्वामीच्या, अर्थात रामटेकच्या देवाच्या, पायांशी बसून तिने एक दान दिले. तो ताम्रपट रिद्धपूरला मिळाला, जे आपल्याला महानुभावांचे तीर्थ म्हणून माहीत आहे. तिथी पुन्हा कार्तिक शुद्ध द्वादशी. आई रामाच्या गडावर आणि मुलगा मनसरला महादेवाजवळ, मध्ये दीड-दोन कोसांचे अंतर. त्यांच्यात देवावरून वाद झाल्याचा कोठे उल्लेख नाही. उलट या शिवभक्त मुलाने महाकाव्य लिहिले ते रामाचे. सेतुबंध किंवा रावणवहो हे पंधरा आश्वासांचे काव्य महाराष्ट्री प्राकृतात आहे व ते याच प्रवरसेनाचे असे बहुतेक विद्वान मानतात. बाणभट्टाने त्याची वाखाणणी केली आहे. दरबारची भाषा संस्कृत असता राजाने लोकांच्या बोलीच्या जवळची भाषा घेतली. आपली मराठी त्याच महाराष्ट्रीच्या वेलीवरची.

आता राजधानीविषयी. अकराव्या राज्यवर्षापर्यंतचे ताम्रपट नंदिवर्धनहून दिलेले आहेत. अठराव्या वर्षाचा चम्मकचा ताम्रपट प्रवरपुराहून दिला आहे. म्हणजे मधल्या काळात राजाने आपल्या नावाने नवे नगर वसविले. ते कोठे, यावर पुष्कळ चर्चा झाली. मिराशींच्या मते प्रवरपूर म्हणजे वर्ध्याजवळचे पवनार. पुढे १९९७-९८ पासून मनसरला ज. प. जोशी व अ. कु. शर्मा यांच्या देखरेखीखाली मोठे उत्खनन झाले. हिडिंबा टेकडीवर विटांचे टप्प्याटप्प्यांनी चढत जाणारे प्रचंड मंदिर, ताराकृती बांधणी व मूर्ती निघाल्या. प्रवरेश्वराचे नाव असलेल्या मातीच्या मुद्राही मिळाल्या. प्रवरेश्वर म्हणजे प्रवरसेनाने स्थापिलेला ईश्वर. तेव्हापासून मनसर हेच प्रवरपूर असा कौल झाला आहे. याच मनसरला त्याआधी १९७२ साली शंकराची एक अप्रतिम मूर्ती मिळाली होती. ती आता दिल्लीला राष्ट्रीय संग्रहालयात आहे. आपल्या देवाला पाहावयास आपणच दिल्लीला जावे, ही गोष्ट मनाला लागते. पण तेथे ती सुखरूप आहे हेही खरे.

प्रवरसेनानंतर फार काळ सुख राहिले नाही. नरेंद्रसेनाच्या काळात किंवा त्याच्या सुमारास बस्तरकडचा नल राजा भवदत्तवर्मा चालून आला. त्याचा एक ताम्रपट प्रत्यक्ष नंदिवर्धनहून दिलेला आहे, यावरून काय झाले ते समजावे. नरेंद्रसेनाचा पुत्र दुसरा पृथिवीषेण याने बुडालेले कुळ वर काढले असे त्याचे लेख सांगतात. त्याच्यानंतर ही शाखा दिसत नाही. वाशिमच्या शाखेत हरिषेण हा मोठा राजा झाला. अजिंठ्याची सोळावी लेणी त्याच्या मंत्र्याने, वराहदेवाने, खोदविली. इसवी सन ५०० च्या आसपास तेही संपले.

प्रवरेश्वराचे मंदिर हळूहळू ढासळले, त्यावर माती व झुडपे चढली, आणि देवाचे नाव जाऊन टेकडीला हिडिंबेचे नाव पडले. रामटेकचा गड मात्र ओस पडला नाही. वाकाटक काळातील केवल नरसिंह, रुद्र नरसिंह, वराह ही मंदिरे तेथे उभी आहेत. कार्तिकी पौर्णिमेला यात्रा भरते तेव्हा लोक त्यांच्यावरून जातात. केवल नरसिंहाच्या मंडपाच्या भिंतीवरचा जुना गिलावा १९८० नंतरच्या दोन-तीन वर्षांत निघाला, तेव्हा आतून एक मोठा शिलालेख बाहेर आला. बराच झिजलेला. त्यात प्रभावतीगुप्तेचे नाव असून तिच्या लेकीने आईच्या स्मरणार्थ देव स्थापल्याचा अर्थ विद्वानांनी लावला आहे. कोणीतरी कधीकाळी मंदिर स्वच्छ दिसावे म्हणून चांगल्या भावनेनेच तो गिलावा चढविला असेल.

ही गोष्ट मी समितीच्या बैठकीत सांगितली, तेव्हा आपल्या गाभाऱ्याच्या जुन्या दगडी चौकटीवर टाइल्स बसविण्याचा बेत रद्द झाला. पायरीखाली घालण्यासाठी काढलेला कोरीव दगडही मंडपात उभा करून ठेवला आहे. त्यावर अक्षरे नाहीत, फक्त वेल आहे. तरी असू द्यावा.

दुसरी एक गोष्ट मी बैठकीत मांडली व ती येथेही नमूद करतो. रिद्धपूरच्या ताम्रपटात शेताबरोबर शेतावरचे घर व शेतकऱ्यांच्या चार झोपड्याही देऊन टाकल्या आहेत. राजमातेचे नाव आहे, दान घेणाऱ्यांचे गोत्र आहे. त्या चार झोपड्यांत राहणाऱ्यांची नावे नाहीत. चम्मकच्या आठ हजार भूमीवर नांगर कोणी धरला तेही कोरलेले नाही. मनसरच्या टेकडीवर विटा वाहून नेणारी माणसे किती होती, कोण जाणे. आपल्या मंदिराच्या संगमरवरी शिळेवर पाच हजार एक रुपये व त्यावरील देणगीदारांचीच नावे घ्यावीत असे ठरले होते, कारण शिळेवर जागा थोडी. ते योग्यच आहे आणि त्या दानशूर मंडळींचे गावावर उपकार आहेत. परंतु ज्या बायांनी तळ्यातून पाण्याचे हंडे आणले, ज्यांनी आपली बैलबंडी रेतीसाठी फुकट दिली, ज्या पोरांनी शाळा सुटल्यावर विटा मोजून रचल्या, आणि ज्यांनी अकरा रुपये दिले, त्यांचीही नोंद कोठेतरी असावी अशी मी विनंती केली. थोडा वाद झाला. छपाईचा खर्च वाढेल असेही कोणी म्हणाले. शेवटी समितीने ती मान्य केली.

त्याप्रमाणे संपूर्ण यादी, श्रमदान करणाऱ्यांसह, या स्मरणिकेच्या अखेरच्या पानांवर वॉर्डवार छापली आहे. यादी तीन वेळा तपासली असली तरी नजरचुकीने कोणाचे नाव राहिले असल्यास पौर्णिमेच्या आत समितीच्या चिटणीसांकडे कळवावे, म्हणजे पुरवणी पान काढता येईल.